वाघोबाचे डोळे रंगवायचे राहिलेत

प्रिय पिंकी,

तू असतीस तर म्हणाली असतीस, "आण्णा, पत्र कसलं लिहिताय, मेसेज टाका की सरळ!" पण मेसेज कुठं टाकू, बाई? तुझा फोन आईच्या उशाशी असतो. तो वाजला की ती दचकून उठते. म्हणून कागद घेतला. उद्या वाघबारस, वाघोबाच्या पूजेचा दिवस. वाघोबाच्या देवळातली भिंत रंगवून झालीय, फक्त डोळे राहिलेत. ते उद्या सकाळी सगळ्या गावासमोर रंगवायचे. तुझ्याशी बोलल्याशिवाय मला ते जमायचं नाही.

हो, रंगवली भिंत. मीच रंगवली. आता ऐक, मध्ये मध्ये बोलू नकोस.

तू गेलीस त्या पौषातल्या सकाळपासून मी ब्रशला हात लावला नव्हता. त्या दिवशी लाईट पहाटे आली, म्हणून तू फोन चार्जिंगला लावलास आणि विळा घेऊन घासाच्या वाफ्यात गेलीस. वनखात्याची माणसं गावात सांगून गेली होती, एकटं जाऊ नका, वाकून काम करताना मोबाईलवर गाणी चालू ठेवा, वाकलेला माणूस बिबट्याला जनावर वाटतो. तूच तर मला हे सगळं हातवारे करून सांगितलं होतंस! मग फोन घरी का ठेवलास गं? गाय एक दिवस उपाशी राहिली असती तर काय बिघडलं असतं?

रागावतोय मी, कळतंय मला. तुझ्यावर रागावलो की थोडा वेळ बरं वाटतं. मग पुन्हा जास्त वाईट वाटायला लागतं.

उसाच्या कडेला तू सापडलीस तेव्हा आईनं स्वतःचा पदर तुझ्या मानेवर टाकला आणि कुणाला बघू दिलं नाही. मलासुद्धा नाही. जे काय पाहिलं ते तिनं एकटीनं पाहिलं, आणि त्याबद्दल ती माझ्याशी कधी बोलली नाही. खरं तर ती कशाबद्दलच बोलेनाशी झाली. चहा झालाय, गाय धरा, दार लावा. एवढंच काय ते आमचं बोलणं.

आता राजुरीकडच्या बायका गळ्यात खिळ्यांचा पट्टा घालून रानात जातात. मेंढरांच्या कुत्र्याला असतो ना, तसला. आईपण घालते. सकाळी चहा पिऊन झाला की ती पाठमोरी बसते आणि मी मागून तिच्या पट्ट्याचं बक्कल लावतो. मग ती त्याच वाफ्यात घास कापायला जाते. काय दिवस आलेत बघ! मी रोज म्हणतो, नको जाऊस, मी कापतो. ती ऐकत नाही.

तुझा दहावा झाला आणि वनखात्यानं लावलेल्या पिंजऱ्यात एक बिबट्या अडकला. तोच होता की दुसरा, देव जाणे. अख्खा गाव लोटला होता. कुणी दगड मारतंय, कुणी व्हिडिओ काढतंय. मी कुऱ्हाड घेऊन गेलो होतो, खोटं कशाला बोलू? गर्दीतून वाट काढत पुढं गेलो. गजांवर धडका मारून त्याचं नाक फुटलं होतं. आणि पिंकी, मी त्याच्याकडं बघत काय उभा राहिलो माहितेय? त्याचा पिवळा कुठला, ते! आपण भिंतीला लावतो तसला लिंबासारखा नाही, मातकट आहे, पोटाकडं पांढुरका होत जातो. ठिपके गोल नाहीत, मधून तुटलेले आहेत. माझी पोर मातीत आणि मी उभा राहून रंग बघतोय! मला माझीच एवढी किळस आली की कुऱ्हाड तिथंच टाकली आणि घरी आलो. त्यानंतर रंगाचे डबे गोठ्याच्या माळ्यावर टाकून दिले.

दसरा झाला आणि धोंडीभाऊ आले. तेच आपले, वाघोबाच्या देवळाची दिवाबत्ती बघणारे. ओसरीवर बसून बराच वेळ नुसती टोपी काढ, टोपी घाल. मग हळूच म्हणाले, "राव, या वर्साला तुला जमायचं न्हाई. पोरं म्हणत्यात फ्लेक्स लावू. आळेफाट्याला लगीच छापून मिळतोय."

असा भडकलो मी! "ज्या फ्लेक्सनं माझं पाट्या रंगवायचं दुकान बसवलं, तो आता देवळात आणताय व्हय? आणा की! वाघाच्या खाली तुमचे सगळ्यांचे फोटो पण टाका, शुभेच्छुक म्हणून!"

"चिडू नको रं. मंग भितीवर काढनार कोण?"

"कुणी नाही. राहू दे कोरी. आमच्या घराचा मान होता ना, संपला तो. ज्यानं माझी पोर नेली त्याला मी देव म्हणू? त्याला बसून मिशा काढू?"

धोंडीभाऊ म्हणाले, "लई लाडानं कुठं पुजतो आपुन त्याला? भ्या वाटतं म्हनून पुजतो. माझा आजाबी भ्यायचा, तुझाबी भ्यायचा."

तेवढ्यात दारातून आई बोलली. एवढ्या महिन्यांत पहिल्यांदा ती एवढं सलग बोलली असेल. "काढा तुमी. मला त्याला बघायचाय. रानात त्यो कुटं बसलाय ते दिसत न्हाई. रोज वाटतं, पाठीमागंच हाय. भितीवर तरी एका जागी दिसू दे मला."

धोंडीभाऊंनी टोपी घातली आणि उठले. ती आत जाऊन भाकरी थापायला बसली.

दुसऱ्या दिवशी माळ्यावरून डबे काढले. पिवळ्याचं झाकण तू नीट लावलं नव्हतंस! किती वेळा सांगायचं, वरून दाबून बसवत जा म्हणून? रंगावर जाड साय धरली होती. सुरीनं कापून उचलली तर खाली रंग ओला. तूच कालवलेला. मी तो डबा मांडीवर घेऊन ओसरीतच बसलो आणि रडलो. तुला पोचवून आल्यावर सगळे म्हणत होते, रड, मोकळा हो, तेव्हा एक टिपूस आलं नव्हतं. आणि रडलो कशावर, तर रंगाच्या डब्यावर. वेडा झालाय तुझा बाप.

पहिल्या दिवशी काही जमलं नाही. पाठीची रेघ ओढली ती वाकडी गेली. पुसली, पुन्हा ओढली, पुन्हा पुसली. शेवटी वैतागून चुन्याचा बोळा अख्ख्या भिंतीवर फिरवला. आई पट्टा काढून पायरीवर बसली होती. ती म्हणाली, "उद्या या परत." जणू काही मी कामावरचा माणूसच!

माझा वाघ तुला आठवतो ना? पट्ट्यापट्ट्यांचा, गोल पोटाचा, मिशांना पीळ दिलेला. तू म्हणायचीस, "आण्णा, हा जेवून वामकुक्षीला निघालाय." या वर्षी तसला निघाला नाही. आपोआप दुसराच निघाला. पोट खपाटीला, खांदे वर आलेले, डोकं खाली घातलेलं. मातकट पिवळा. पिंजऱ्यात पाहिलेलं सगळं हातात येऊन बसलं होतं, माझी काय इच्छा होती म्हणून नाही.

ठिपके द्यायची वेळ आली तेव्हा आई उठली. जिनं जन्मात ब्रश धरला नाही ती काळ्या रंगात बोट बुडवून भिंतीशी आली. मी म्हटलं, असं नाही, मधे मोकळं सोडायचं. "मला म्हाईताय," म्हणाली. आणि ठिपके देता देता तिचं तोंड उघडलं गं! तू लहानपणी शेणाच्या गोवऱ्यांवर बोटानं डोळेनाक काढायचीस ते. मंचरच्या बाजारात हरवलीस आणि बटाट्याच्या पोत्यावर झोपलेली सापडलीस ते. त्यावर ती हसली, पोट धरून हसली, आणि हसता हसताच तिनं हंबरडा फोडला. मी तिला धरायला गेलो तर म्हणाली, "सोडा मला, वाळतोय रंग." रडत रडत तिनं पुढचे ठिपके दिले. त्या दिवसापासून आम्ही घरी बोलतो. तुझं नाव घेतो.

तू म्हणशील, म्हणजे बरं झालं सगळं. नाही झालं. देव दयाळू आहे असं मला कुणी सांगायला आलं तर मी त्याला हाकलून देईन. पण भिंतीपुढं उभा असतो तेवढा वेळ तो बिबट्या माझ्या डोक्यात येरझाऱ्या घालत नाही. देवळात मी पूर्वी हात जोडून कामाला लागायचो. आता हात जोडत नाही. ब्रश चालवत वाघोबाला तोंडावर शिव्या देतो. धोंडीभाऊंनी ऐकलं एकदा. मला वाटलं चिडतील. तर दिव्यात तेल घालत म्हणाले, "दे, दे. तेबी पोचतं त्याला." खरं सांगू? तेव्हा मला पहिल्यांदा देवळात बसल्यासारखं वाटलं.

आता उद्याचं. डोळे उघडताना वाघोबासमोर कुणी थांबत नाही, हे तुला ठाऊक आहे. त्याची पहिली नजर माणसावर पडू नये म्हणून लोक दोन्ही बाजूंना सरकतात, समोर नुसता नारळ ठेवतात. मीही आजवर भिंतीला चिकटून, कडेनं हात लांब करून डोळे रंगवले. रंगवून झाले की सगळ्यांनी म्हणायचं, "वाघोबा, राखण कर." वर्षानुवर्षं मी ते म्हणत आलो.

उद्या मी ते म्हणणार नाही, पिंकी. नारळ बाजूला सारणार आणि त्याच्या थेट समोर उभा राहून डोळे रंगवणार. आईला संध्याकाळी हे सांगितलं. वाटलं, घाबरेल, नको म्हणेल. ती म्हणाली, "मीबी हाय तुमच्या शेजारी." धोंडीभाऊ ओरडतील, गाव नावं ठेवील. ठेवू दे. रेघ वाकडी जाऊ देणार नाही, बाळा, एवढं तुला वचन देतो. दोन्ही डोळे नीट, टपोरे, लखलखीत रंगवीन. आणि त्यानं ते उघडले की सांगीन: ही पिंकीची आई, मी पिंकीचा बाप. बघ आमच्याकडं.

तुझा,
आण्णा