मारिसेलचं म्हणणं

ओसाका,
१४ जानेवारी १९९६

ती. अरुणाताईस,
शि. सा. न.

तुझं पत्र आणि मेतकूट, दोन्ही पोचलं. मेतकुटाचा ताबा तुझ्या मेहुण्याने, विनयने, घेतलाय.

टीव्हीवर व्हॉलीबॉलच्या सामन्यांचं समालोचन करणारी क्यूबाची मारिसेल, मागे लिहिलं होतं ना? पूर्वी त्यांच्या राष्ट्रीय संघात होती. ती स्पॅनिशमध्ये बोलते, मी शेजारी बसून जपानीत सांगते. पुण्यात शिकलेली स्पॅनिश अशी कामाला आली. पण आता तिचंच काम जायची वेळ आलीय. आमचे निर्माते ओकादा-सान म्हणाले, ती फार गुळमुळीत बोलते, मार्चनंतर करार नाही, तिच्यावरचा माहितीपटही रद्द.

ताई, गुळमुळीत ती नाही, मी आहे. या मुली हरायला घाबरतात म्हणून हरतात, असं ती म्हणाली, तर मी सांगितलं की खेळाडू मनापासून प्रयत्न करताहेत. लोक दुखावतील असं वाटायचं. तिला जपानी जेमतेमच कळतं. आता तिला तोंड कसं दाखवू?

तुझी,
शैलजा

पुणे,
२७ जानेवारी

चि. सौ. शैलजास,
अ. उ. आ.

आधी हसू आलं, मग राग. माझे चिडके निरोपही तू बाबांना असेच साखरेत घोळवून सांगायचीस. नगरचं ते स्थळ त्यामुळेच माझ्या गळ्यात पडणार होतं, आठवतं?

परक्या देशात ती बाई तुझ्या भरवशावर बोलते. हे पत्र मिळेल त्याच दिवशी तिला सांग, मग साहेबांना. मेतकूट संपलं की कळव.

माया आहेच, ती काय लिहायची.
अरुणा

ओसाका,
१७ मार्च

ती. अरुणाताईस,
शि. सा. न.

सांगितलं. मारिसेल म्हणाली, म्हणजे वर्षभर टीव्हीवर तूच बोलत होतीस. मी लाजेने मेले. ओकादा-सानना चूक कबूल केल्यावर त्यांनी आणखी एक सामना दिला. ती तडाखेबंद बोलली आणि मी एक शब्दही मऊ केला नाही.

दुसऱ्या दिवशी फोनच फोन. काही रागाचे, पण बरेचसे तिला पुन्हा ऐकायचंय असे. हरलेल्या संघाच्या कप्तानाने तर तिला सराव बघायला बोलावलं. करार झाला, माहितीपटही सुरू झाला.

काल त्याचं चित्रीकरण होतं. इथल्या कामाबद्दल विचारल्यावर मारिसेल माझ्याकडे बघत म्हणाली, "माझी दुभाषी भित्री होती, पण खरं सांगायला स्वतःहून आली." कॅमेऱ्यासमोर तेही मी जपानीत जसंच्या तसं सांगितलं.

असाच लोभ ठेव, आणि वेळप्रसंगी रागही.
तुझी,
शैलजा