चौदाव्या पानावरचा आगवाला

प्रति,
मा. अभिलेख अधिकारी,
नौदल इतिहास कक्ष, बंदर कार्यालय.

विषय : जहाजाच्या इतिहासातील चौदाव्या पानावरची ओळ दुरुस्त करून माझे शौर्यपदक परत घेण्याबाबत.

संदर्भ : माझे आधीचे दोन अर्ज व त्यावरील आपले एक उत्तर.

महोदय,

खाली सही करणारा मी, वय एक्याऐंशी, त्या जहाजावर आगवाला होतो. म्हणजे बॉयलरच्या भट्टीत कोळसा टाकायचे माझे काम. लढाईआधी आम्ही साखर, सिमेंट आणि कापसाच्या गाठी वाहायचो. जहाज चालायला जड, म्हणून आम्ही त्याला 'म्हैस' म्हणायचो. लढाई सुरू झाल्यावर नौदलाने ते ताब्यात घेतले, करडा रंग फासला, मागे तोफ बसवली आणि साखरेच्या जागी तोफगोळे भरले. माणसे मात्र आम्हीच राहिलो.

आपल्या पुस्तकात पान १४ वर छापले आहे, "हल्ल्याच्या वेळी एक आगवाला तोफेजवळची आपली जागा सोडून पळाला व बेपत्ता झाला." हा आगवाला माझ्या थोरल्या बहिणीचा नवरा. त्यापुढच्याच ओळीत माझे कौतुक आहे. या दोन्ही ओळी खोट्या आहेत. त्याचा खुलासा असा.

१. मालवाहू जहाजावर पाळी तोंडी बदलायची रीत होती. कोणाला ताप आला, कोणाचे अंग मोडून आले, की दुसरा त्याच्या जागी उतरायचा. साहेबाला विचारायचे कारण पडत नसे. नौदलाच्या हजेरीपटात हे बसत नव्हते, पण आम्ही रीत सोडली नाही. ही चूक आमची.

२. हल्ल्याच्या आदल्या दिवशी भट्टीच्या दाराने माझा उजवा हात भाजला. हल्ल्याच्या दिवशी सकाळी दाजी म्हणाले, "पड गप. तुझं फावडं मी मारतो. नाहीतरी तू कोळसा कमी अन् गप्पा जास्त टाकतोस." आणि ते माझ्या पाळीला खाली गेले. पटावर खाली मी होतो. हल्ल्याचा इशारा झाल्यावर तोफेला गोळे पुरवायला दाजींनी जायचे, असे पटावर होते.

३. सकाळी दहाच्या सुमारास विमाने आली. पहिल्या बॉम्बने तोफ आणि तोफेवरची चार माणसे गेली. एकाचा बूट पायासकट माझ्यासमोर पडला. दुसरा बॉम्ब बाजूला पडून पत्रा फाटला आणि बॉयलरच्या खोलीत पाणी शिरले. मी दाराकडे धावलो. पाळीचा दुसरा आगवाला वाफेत उकडून शिडीने वर आला. मी त्याला धरून ओढले तर त्याच्या दंडाची कातडी माझ्या हातात आली. तो माझ्या पायाशी मेला.

४. तेवढ्यात नौदलाचे साहेब आले. पाणी अडवायचे लोखंडी दार बंद करायचे होते. साहेबांनी मला ओळखले. म्हणाले, "पाळी तुझी ना? हा एक, तू दुसरा. दोघे बाहेर. फिरव चाक!"

५. दाजी शिडीवर होते. दारापासून पाच पायऱ्या खाली, छातीपर्यंत पाण्यात. साहेबांना ते दिसत नव्हते, मला दिसत होते. "आत माणूस आहे" एवढे तीन शब्द मी बोललो नाही. पाणी चढत होते आणि मला बुडायचे नव्हते. दाजींनी माझ्या नावाने हाक मारली. मी चाक फिरवले. भाजलेल्या हाताची पट्टी आणि मांस चाकाला चिकटले, तेच आपण पुस्तकात "हात भाजला तरी" असे छापले आहे.

६. दार टिकले म्हणून जहाज दोन दिवस तरंगले आणि एकसष्ट माणसे दुसऱ्या जहाजावर उतरली. मग 'म्हैस' दाजींना पोटात घेऊन बुडाली. ताईला मी सांगितले, ते समुद्रात पडले. लोक तिला ऐकवायचे, "पळालाय गं, कुठेतरी दुसरं घर केलं असेल." मी तिथेच बसलेला असायचो.

७. हे अर्जलेखकाला सांगणे मला जमले नाही, म्हणून म्हातारपणी अक्षरे शिकलो. पहिल्या दोन अर्जांत नुसते "दाजी पळाले नाहीत" लिहिले. आपले उत्तर आले की संबंधित व्यक्तीने समक्ष हजर राहून खुलासा द्यावा. मी कार्यालयात आलो तर कारकून म्हणाले, "आजोबा, त्यांनाच पाठवा ना." ते कसे पाठवू, हे मी आता वर लिहिले आहे.

तरी विनंती की, पुढच्या महिन्यात धक्क्यावर मृतांच्या नावांचा फलक बसतो आहे, त्यावर दाजींचे नाव घालावे. पळाला ही ओळ काढावी. माझ्यावर जी कारवाई करायची ती करावी. ताई नव्वदीला आली आहे, तेव्हा उत्तर टपालात पडून राहू नये.

हा अर्ज टाकण्याआधी मी तो ताईला पूर्ण वाचून दाखवला. तिने तोंड भिंतीकडे केले. दुसऱ्या दिवशी दुपारी मला बोलावून तिने सांगितले ते तिच्याच शब्दांत खाली लिहून तिचा अंगठा घेतला आहे.

आपणास तिसऱ्यांदा तसदी देणारा,
(सही)
माजी आगवाला
दिनांक : १४ मार्च

सोबत : १) शौर्यपदक. २) जहाजावरच्या दवाखान्याची चिठ्ठी, हात भाजल्याची, हल्ल्याच्या आदल्या दिवसाची.

मृताच्या पत्नीचे म्हणणे : "साहेब, ह्यानं दार लावलं, त्याचं काय करायचं ते मी माझ्या भावाशी बघून घेईन. त्यात तुम्ही पडू नका. माझा माणूस पळाला नव्हता, तेवढं तुम्ही छापा."

(डाव्या हाताचा अंगठा)