आमच्या माडीवरची फुटबॉलवाली

नाशिक,
नोव्हेंबर २००५

तीर्थरूप उत्तराताईस,

धाकट्या वेणीमाधवाचा साष्टांग नमस्कार. (साष्टांग शब्दशः घेऊ नकोस, कमरेचं कारण पुढे येईलच.) तुझा गुडघा आता जिना चढू देतो का? भावजींचं गोड खरंच बंद झालं, की अजून देवघरातल्या पेढ्यांना ते 'प्रसाद' म्हणतात? इकडे सर्व क्षेम. फोन सोडून पत्र का, असं तू विचारशील. तर फोनवर तू बोलतेस आणि मी ऐकतो, आणि ह्या खेपेला सांगण्यासारखं माझ्याकडेच फार आहे.

माडी गेल्या वर्षी भाड्याने दिली हे तुला ठाऊक आहे. कोणाला, ते मी बेताबेताने सांगणार होतो. अंबडच्या एका कारखान्यात यंत्रं बसवायला कोरियाहून चोई नावाचे इंजिनिअर आले, ते आणि त्यांची बायको. चोईसाहेब गरीब माणूस. सकाळी जातात, रात्री येतात, मधे यंत्रांशीच बोलत असावेत. बाईंचं नाव मी-सुक. मराठीत ओळख करून देताना त्या "मी मी-सुक" म्हणायच्या. शेजारच्या अक्काबाईंना वाटलं, बिचारी तोतरी आहे. त्यांनी त्र्यंबकेश्वरहून आणलेला अंगारा बाईंच्या जिभेला लावला. (बाईंनी आणखी मागितला. त्यांना तो मसाला वाटला.) पहिल्याच आठवड्यात बाई पहाटे गंगापूर रस्त्याने धावत सुटल्या. मागे कोणी लागलंय असं समजून आपला दूधवाला चिमाजी सायकल टाकून मदतीला धावला. तो शर्यत लावतोय असं समजून बाईंनी वेग वाढवला. त्या दिवशी कॉलनीत दूध आलंच नाही.

खरा प्रकार कळला तो चेंडूमुळे. पोरांचा चेंडू अंगणात आला की जप्त करायचा, हा माझा नियम. (बँकेतून स्वेच्छानिवृत्ती घेतलेल्या माणसाला एवढाच अधिकार उरतो.) एकदा चेंडू बगलेत मारून मी भाषण सुरू केलं, तर बाईंनी तो अलगद काढून घेतला, पायावर झेलला आणि असा काही टोलवला की आपला नारळ ओलांडून तो मैदानाच्या पार पलीकडे गेला. पोरं चेंडूमागे पळाली. माझं भाषण तिथेच राहिलं. बाई वर जाऊन भाजी ढवळू लागल्या.

संध्याकाळी चहाला बोलावून आमच्या हिने सगळं काढून घेतलं. निम्मं मराठीत, थोडं इंग्रजीत आणि उरलेलं भांड्यांत: कप म्हणजे खेळाडू आणि साखरेचा डबा गोलकीपर. बाई एका बंदरातल्या कोळ्याची मुलगी. शाळेत हॉकी खेळायच्या. नव्वदच्या सुमारास त्यांच्या शाळेने मुलींचा फुटबॉल संघ काढायचं ठरवलं, पण खेळाडूच नव्हते. म्हणून सरांनी हॉकीतल्या आणि धावण्यातल्या धट्ट्याकट्ट्या मुली वेचल्या आणि सांगितलं, काठ्या ठेवा, लाथा मारा. वडील म्हणाले, हिच्याशी लग्न कोण करील? बाई थोरल्या भावाच्या बुटांत चिंध्या कोंबून खेळल्या. मग एका कंपनीच्या संघात, आणि मग एकदाच, देशाच्या संघात. तो सामना त्या हरल्या. थोडाथोडका नाही, पार धुव्वा उडाला. पण ताई, ते सांगताना चेहरा काशीयात्रा करून आल्यासारखा! मी विचारलं, "पण हरलात ना?"

"हो," बाई म्हणाल्या, "पण बाबा आले बघायला. होडी बांधून ठेवून."

हिने डोळ्यांना पदर लावला आणि गॅसवरचा दुसरा चहा उतू गेला.

पुढे बाईंचा गुडघा दुखावला आणि खेळणं संपलं. घरी रडत बसल्या असताना जुन्या शाळेने लहान मुलींना शिकवायला बोलावलं. नाइलाजाने गेल्या, आणि लक्षात आलं की आपण केलेल्या गोलापेक्षा, काल चेंडूला घाबरणाऱ्या मुलीने आज केलेला गोल जास्त गोड लागतो. मग कित्येक वर्षं तेच केलं. पुढे लग्न, आणि लग्नानंतर अंबड.

इथेही त्यांना स्वस्थ बसवेना. मुली जमवल्या. पहिली तुझी भाची इरा (गोलकीपर, कारण तिला धावायचा कंटाळा). सगळ्यांत तेज निघाली दिशा, मखमलाबादच्या फूलवाल्या नवसाबाईंची नात. बाई मराठी शिकल्या त्या नवसाबाईंच्या टोपलीपाशी बसून, त्यामुळे मैदानावर ओरडायच्या, "घे ना गं माय! ताजं हाय! सोडू नको, दुसरी नेईल!" मुलींना ते बरोबर कळायचं. दुभाष्या म्हणून नेमलेल्या मला काही कामच उरेना, तेव्हा पाण्याचे कॅन वाहायला लावलं.

जिल्ह्याचा अंतिम सामना नेमका दसऱ्याच्या आदल्या दिवशी आला. जिंकणाऱ्यांना राज्यस्पर्धा. इकडे चोईसाहेबांचं काम संपलेलं. हरलो तर बाई त्यांच्याबरोबर मायदेशी जाणार आणि मुलींचा खेळ तिथेच आटोपणार. त्यात नवसाबाई अडून बसल्या. "झेंडू काय रेफ्री तोडणार हाय का? पोरगी येणार नाय."

बाईंनी वाद घातला नाही. उजाडता उजाडता सगळा संघ घेऊन त्या मळ्यात हजर झाल्या. ही आणि मीही. मुलींच्या दोन ओळी करून बाईंनी झेंडू तोडायची शर्यत लावली. (मी दोन्ही ओळींच्या मागे राहिलो. माझी कमर गेली ती तिथे.) नवसाबाई म्हणाल्या, "माणसं हाय का टोळधाड?" पण टोपल्या टेम्पोत चढल्यावर त्यांनी दिशाच्या पाठीवर हात ठेवला. "जा. अन् मी बी येते."

समोरचा संघ इस्त्रीच्या कपड्यांत, आणि आमच्या मुलींचे हात पिवळेजर्द. आधी आम्हीच गोल खाल्ला. मग त्यांच्या एकीने दिशाला आडवं पाडलं, तशा नवसाबाई पदर खोचून मैदानात. "कोनाची गं तू?" रेफ्रीने घाबरून त्यांनाच पिवळं कार्ड दाखवलं. नवसाबाई म्हणाल्या, "आता नाय, समदा झेंडू मार्केटात गेला." त्यांना बाहेर काढेपर्यंत दिशा सावरली आणि मिळालेल्या किकवर तिने बरोबरी केली. शेवटी शेवटी समोरच्या संघाला पेनल्टी मिळाली. ती इराने नाकाने अडवली. (नाक अजून सुजलेलंच आहे. पुढे लग्नाच्या वेळी काय, असं तू म्हणशील. मी ते ऐकलं असं समज.) नाकावरून उडालेला चेंडू दिशाला सापडला आणि ती जी सुटली, ती गोल करूनच थांबली.

सगळे नाचत होते. बाई मात्र कडेला गवतात बसून, ओंजळीत तोंड घालून रडत होत्या. चोईसाहेब शेजारी उभे. त्यांना फुटबॉलमधलं काही म्हणता काही कळत नाही. पण बायकोच्या डोक्यावर हात ठेवून ते हळूच म्हणाले, "मी पुढे जातो. तू खेळून ये." बाईंनीच ते आम्हाला मराठीत सांगितलं, आणि सांगताना पुन्हा रडल्या. साहेब गेले. माडी रिकामी झाली असली तरी बाई आता खाली आमच्यातच राहतात, जेवतात, आणि इराला घरात चालायला मनाई आहे, धावायचं.

भावजींना नमस्कार. तब्येतीला जप.

तुझा,
वेणू

ता. क. राज्यस्पर्धा तुमच्या कोल्हापुरात आहे. मैदान तुझ्या घरापासून हाकेच्या अंतरावर असल्याचं मला पत्र लिहिता लिहिता आठवलं.

ता. क. दुसरा: मुलींची शाळेत उतरायची सोय होती, ती बारगळली. मुली फार कमी जेवतात. (हे खोटं आहे.)

ता. क. तिसरा: पोस्टाने पत्र वेळेत पोचेल असं वाटत नाही, म्हणून इराच्या हातीच देतो आहे. म्हणजे तू हे वाचते आहेस तेव्हा सगळा संघ बॅगा घेऊन तुझ्या दारात उभा आहे. मी कोपऱ्यावर रिक्षात बसलो असेन. तू हसलीस तर इरा हात करील, मग येतो.