काळे दाने

नागपूर, मोठा दवाखाना
१२ जानेवारी १९५६

चि. जगदेव, दादाचा आशीर्वाद.

मी बरा हाये. जेवन टायमावर भेटते. पायातून निंघनारे काळे दाने पाहून डाक्टर म्हने, हा मायसेटोमा, म्हनजे बुरशीची गाठ. महारोग नोहे. कोनाले लागत नाई. तुह्या वयनीले सांगजो, माहा तांब्या येगळा नोको ठेवू.

मातीतली बुरशी काट्यासंग पायात जाते म्हनतात. परवा गुडघ्याखाली पाय कापनार हायेत. गाय व्याली काय?

तू आता वावराच्या धुऱ्यावर वहाना काढू नोको, घालूनच आत जाजो. काळी आई कोपते, असं बाबा म्हनतील. त्याईले सांगजो, तिले दादानं पाय देल्ला हाये.

तुहा दादा,
रामराव