भिंतीकडची बाजू

प्रिय आर्मेल,

फोनवर तू म्हणालीस, "ताई, आता तू अख्ख्या देशाची वहिनी झालीस!" तेव्हा हसले खरी, पण फोन ठेवून स्वयंपाकघरात बसून रडले. गावात पताका लागल्यात. बेकरीवाल्याने यानच्या नावाने लोण्याचा केक काढलाय. शनिवारी माझ्या नवऱ्याला कबरीतून काढून पॅरिसला, थोरामोठ्यांच्या पाँथिऑनमध्ये नेणार, आणि मी सोडून सगळं गाव खूश आहे.

मंत्रालयाचे साहेब घरी आले होते. म्हणाले, "मॅडम, ज्वराची लस शोधणारा माणूस आता देशाचा." मी विचारलं, "आणि मी?" तर म्हणे, "तुम्हाला समारंभात पहिल्या रांगेत खुर्ची आहे." नाही म्हणायला तोंड उघडलं, तोच मेयरबाई गळ्यात पडून आनंदाने रडायला लागल्या. लोइकने तर मला न विचारताच होकार कळवलेला. "आई, बाबांचा केवढा मान!" म्हणतो. लेकाशी कुठे भांडत बसू?

क्युरीबाई तिथे नवऱ्याजवळ आहेत, पण त्या स्वतःच्या कर्तृत्वावर गेल्या. मी जन्मभर यानच्या उंदरांचे पिंजरे धुतले. त्याचा कोण मान करतं?

आमची कबर आठवते ना, दफनभूमीच्या भिंतीला लागून? यान गेला तेव्हाच दगडावर त्याच्या नावाखाली माझं नाव कोरून घेतलं. जन्मसाल घातलं, पुढचं मोकळं ठेवलं. आपल्याकडे सगळेच करतात. दर रविवारी तो दगड पुसताना जागा धरून ठेवल्यासारखं बरं वाटायचं. काल पाथरवट आला, टोपी काढून म्हणाला, "बाई, डॉक्टरांचं नाव घासून काढू, की राहू दे?" पेलाभर सायडर, घरचं सफरचंदाचं, पाजून त्याला परत पाठवलं.

मरायची भीती नाही गं मला, तिथे एकटीनं पडायची आहे. लहानपणी अंधारात मी तुझा हात सोडत नसे. तू भिंतीकडे झोपायचीस आणि रात्रभर लाथा मारायचीस. तू लग्न केलं नाहीस, तिकडे ब्रेस्टला स्वतःसाठी कबरीची जागाही घेतलेली नाहीस. म्हणून हे लिहितेय. यान भिंतीकडे आहे, ती बाजू आता रिकामी होईल. पाथरवट सोमवारी पुन्हा येतोय. त्याला तुझं नाव सांगू का? लाथा मारल्यास तरी चालतील.

तुझीच, अजून अंधाराला घाबरणारी,
मारिवॉन