एकशे बावन्न गेम्सचा मालक

५ ऑक्टोबर, रविवार

सोसायटीची वार्षिक सभा. कोरम नव्हता. नियमाप्रमाणे अर्धा तास थांबून त्याच अकरा माणसांची पुन्हा सभा घेतली. सेक्रेटरी म्हणून अहवाल वाचला. दोघे जागे होते.

४०२ चा ॲलिस्टर दारात उभा राहून ऐकत होता. भाडोत्री. त्याला नम्रपणे सांगितले की सभा मालकांची असते. तो म्हणाला, साहेब, टँकर किती वाजता येणार एवढंच विचारायचं होतं. तेही मालकामार्फत विचारा, असे सांगितले.

मी भाडोत्र्यांना तुच्छ लेखतो का? घरी येऊन स्वतःला प्रामाणिकपणे विचारले. नाही. फक्त अकरा महिन्यांच्या कराराने माणसाचा स्वभावही अकरा महिन्यांचा होतो, असे माझे निरीक्षण आहे. वसई गावातलं जुनं घर पाडून नवं बांधतोय, तोवर इथे, असे हा सांगतो. सगळे असेच काहीतरी सांगतात.

७ ऑक्टोबर, मंगळवार, सकाळी ७.४०

महिन्याचा पहिला मंगळवार. कन्सोलच्या सबस्क्रिप्शनवर तीन नवे गेम आले. चहाच्या आधी क्लेम केले, म्हणजे बटण दाबून माझ्या लायब्ररीत घेतले. एक घोड्यांचा, एक कोड्यांचा, तिसरा कशाचा ते कळले नाही. एकूण १५२. चार वर्षांत एकही महिना चुकवलेला नाही. सासरे आयसीयूत होते तेव्हा हॉस्पिटलच्या पायरीवर बसून मोबाइलवरून क्लेम केले होते.

पैकी खेळलेले: चार. पण ज्यांच्या घरी पुस्तकांची कपाटे असतात ते सगळी पुस्तके वाचतात का?

चारपैकी एकच मनापासून. दोरीवाला. दोन गिर्यारोहक एकाच दोरीला बांधलेले, दोघे मिळूनच चढायचे. एकट्याने चालतच नाही. निधी दहावीत असताना आम्ही बापलेकीने सुरू केला. अकरा शिखरे झाली. बारावे राहिले आणि ती नाशिकला कॉलेजला गेली. दिवाळीच्या सुट्टीत पूर्ण करायचे ठरले आहे.

संध्याकाळी

लिफ्टमध्ये ॲलिस्टर. विषय निघाला म्हणून १५२ हा आकडा सांगितला. (विषय मी काढला.) त्याच्याकडे नऊ डिस्क आहेत. नऊ! डिस्क! तरीही तो म्हणाला, पण साहेब, ते तुमचे कुठे? भाड्याचे ना ते. सबस्क्रिप्शन थांबलं की कुलूप. आणि चौथा मजला आला म्हणून हसत उतरला.

भाडोत्र्याने मला भाडे म्हणजे काय ते शिकवावे.

८ ऑक्टोबर, बुधवार

शर्ती वाचल्या. अठ्ठावीस पाने. इतरांसारखा मी न वाचता ‘मान्य’ दाबणारा नाही. चार वर्षांपूर्वी दाबले होते तेव्हा घाईत होतो. त्यात लिहिले आहे की गेम विकला जात नाही, लायसन्स दिले जाते. थोडा वेळ अस्वस्थ झालो. मग लक्षात आले की ड्रायव्हिंग लायसन्सही माझेच आहे. माझ्या नावाचे, माझ्या फोटोचे, माझ्या पाकिटात. मुद्दा संपला.

ज्ञानदाला समजावून सांगितले. सबस्क्रिप्शन म्हणजे मेंटेनन्स. गेम म्हणजे फ्लॅट. एकदा ताबा घेतला की मेंटेनन्स थकला तरी फ्लॅट कोणी काढून घेत नाही, फार तर बोर्डावर नाव लागते. ती चिवड्याचे पोहे चाळत होती. म्हणाली, अहो, आपल्या बिल्डिंगखालची जमीन अजून बिल्डरच्या नावावर आहे. आठ वर्षं झाली, कन्व्हेयन्स नाही. सेक्रेटरी ना तुम्ही? आधी ते बघा.

बायकांना दोन वेगळे विषय वेगळे ठेवता येत नाहीत.

११ ऑक्टोबर, शनिवार

सबस्क्रिप्शनचे ऑटो-रिन्यूअल बंद केले. १६ तारखेला मुदत संपते. १७ ला मी माझे गेम खेळीन आणि ॲलिस्टरला हाक मारून दाखवीन. मशीनने तीनदा विचारले, नक्की? एकदा तर रडका चेहरा दाखवला. गिऱ्हाईक जाताना दुकानदार गल्ल्यावरून उठून दारापर्यंत येतो, तसला प्रकार. तीनदा ‘नक्की’ दाबले.

हा अहंकार आहे का? विचार केला. नाही, प्रयोग आहे.

१६ ऑक्टोबर, गुरुवार

मुदत संपली. कन्सोल लावून पाहिला नाही. ज्याला खात्री असते तो तपासत बसत नाही.

१७ ऑक्टोबर, शुक्रवार

निधी आली. बारीक झाली आहे. बॅग ठेवली, करंजी तोंडात घातली आणि म्हणाली, पप्पा, लावा दोरी.

लावली. दोरीवाल्याच्या चित्रावर छोटे कुलूप. बाकी सगळ्यांवरही. एकशे बावन्न कुलुपे एका पडद्यावर.

निधीला सांगितले, काहीतरी टेक्निकल अपडेट चालू आहे. ती म्हणाली, सबस्क्रिप्शन संपलंय, खाली लिहिलंय, रिन्यू करा ना. मी म्हणालो, तसं लिहितात ते.

१८ ऑक्टोबर, शनिवार

ग्राहकसेवेशी चॅट. पलीकडे कोणी पिंकी. माणूस की यंत्र, कळायला मार्ग नाही. सरळ विचारले, हे गेम माझ्या लायब्ररीत आहेत की नाहीत? आहेत, म्हणाली. लगेच स्क्रीनशॉट काढला, प्रिंट मारली. मग तिने पुढे लिहिले की खेळण्यासाठी मेंबरशिप चालू हवी. ते प्रिंटमध्ये येत नाही, पान दोन आहे.

शेवटी विचारत होती की आणखी काही मदत करू का. आणखी!

दुपारी स्वतःचाच उपाय केला. घराचे कुलूप बिघडले की आपण कुलूप काढून दुसरे बसवतो. त्याच तत्त्वाने दोरीवाला गेम पूर्ण डिलीट केला. ताबा सोडायचा आणि नव्याने घ्यायचा. डिलीट पटकन झाला. पुन्हा डाउनलोड करू देत नाहीत. तिथेही कुलूप.

आमचे अकरा शिखरांचे सेव्ह, म्हणजे कुठवर चढलो त्याची नोंद, शाबूत आहे. ते मशीनमध्ये वेगळे असते. फक्त ते उघडायला गेम नाही.

१९ ऑक्टोबर, रविवार

निधी म्हणाली, मी माझ्या फोनवरून रिन्यू करते, दोन मिनिटांचं काम आहे. मनाई केली. प्रश्न पैशाचा नाही, तत्त्वाचा आहे. ती म्हणाली, पप्पा, आपल्याला शिखरावर जायचं होतं, हायकोर्टात नाही.

मग म्हणाली, ४०२ मधल्या ॲलिस्टरदादाकडे याच गेमची डिस्क आहे. ती आपल्या मशीनमध्ये घातली की आपलंच सेव्ह उघडेल. आणू?

दादा. आठ दिवस बाहेर राहिली की मुले कोणालाही दादा म्हणतात.

नाही म्हणालो. मालकाने भाडोत्र्याकडून वस्तू मागून आणायची, आणि तीही तिची मालकी सिद्ध करण्यासाठी!

२१ ऑक्टोबर, मंगळवार

लक्ष्मीपूजन. चौरंगावर लॅपटॉप, सोसायटीचे लेटरहेड आणि कन्सोल ठेवला. ज्ञानदाने हळदकुंकू बाकीच्यांना वाहिले, कन्सोलपाशी थांबून म्हणाली, यातलं आपलं काय आहे ते सांगा, तेवढ्यालाच वाहते. निधी हसली. प्रसाद वाटेपर्यंत हसत होती.

सात वाजता ॲलिस्टरची बायको विनी आम्ही पाठवलेल्या फराळाच्या रिकाम्या ताटात केक घालून घेऊन आली. केकशेजारी कागदी पिशवीत ती डिस्क. निधीने सांगितलं तुमचं अडलंय, ठेवा हवी तितके दिवस, म्हणाली. केक ठेवून घेतला. डिस्क परत केली. अतिशय सभ्यपणे, हवे तर ज्ञानदाला विचारावे. (विचारले. ती बोलत नाही.)

२२ ऑक्टोबर, बुधवार

पाडवा. ग्राहक मंचासाठी अर्ज. चार पाने. मुद्दा १: क्लेम या शब्दाचा अर्थ. मुद्दा २: ताबा. मुद्दा ३: पिंकीची कबुली. मुद्दा ४ लिहिताना निधी दोनदा येऊन बघून गेली. किती वेळ, असे विचारले. अर्धा तास, म्हणालो. अर्ज संपला तेव्हा ती झोपली होती. दुपारीच. एवढा काय थकवा या वयात?

२४ ऑक्टोबर, शुक्रवार

निधी दोन तास घरात नाही. शोधत चौथ्या मजल्यावर गेलो. दार उघडेच. विनी आणि निधी जमिनीवर बसून दोरीवाला खेळत होत्या. पहिल्या शिखरापासून. विनी सारखी दरीत पडत होती आणि निधी तिला ओढून काढत, अगं दोरी धर, दोरी, असे ओरडत होती. हे मी निधीला शिकवले होते.

मला पाहून ती म्हणाली, पप्पा, या ना, आळीपाळीने खेळू. ॲलिस्टर उठून खुर्ची पुढे करत म्हणाला, बसा साहेब, इथे मालकामार्फत यावं लागत नाही.

बसलो नाही. पाणीही घेतले नाही. जिन्यात निधीचे हसू तिसऱ्या मजल्यापर्यंत ऐकू येत होते.

घरी येऊन फाइल काढली. ४०२ चा करार डिसेंबरमध्ये संपतो. वाढवायचा तर सोसायटीचे ना हरकत पत्र लागेल, म्हणजे माझी सही. ती सही लांबवणे हा सूड होईल का? बारकाईने विचार केला. सूड नाही, प्रशासकीय विलंब. तरीही फाइल परत ठेवली. चष्मा सापडेना म्हणून.

२५ ऑक्टोबर, शनिवार

निधी दिवसभर मनवेलपाड्याला, मैत्रिणीकडे, संपदाकडे. उद्या सकाळी दहाच्या बसने नाशिक.

घर शांत. अर्ज पुन्हा वाचला. भाषा उत्तम आहे. मुद्दा ३ थोडा लंगडा.

संध्याकाळी ज्ञानदा निधीच्या डब्यात चकल्या भरत होती. एकच वाक्य बोलली. नऊ दिवस ती पोरगी तुमच्याशी खेळायला थांबली होती.

मी डब्याचे झाकण लावून दिले. उत्तरे होती.

निश्चय: उद्या पहाटे उठून रिन्यू करणार. हरलो म्हणून नव्हे. दावा राखून, तात्पुरती तडजोड म्हणून. आणि तात्पुरती आहे म्हणून एकाच महिन्याचे घेणार, वर्षाचे नाही. निधीला सांगणार नाही, सरप्राइज. सात ते नऊ दोन तास. एक शिखर पुरे होईल.

२६ ऑक्टोबर, रविवार

६.१०. रिन्यू केले. दोन मिनिटांचेच काम निघाले.

६.१२. सगळी कुलुपे गेली. १५२ चे १५२ हजर. एकही रुसलेला नाही. एवढ्या लगेच परत येणाऱ्या वस्तूंबद्दल मला फारसा आदर वाटत नाही.

६.१५. दोरीवाला मशीनमध्ये नाही. मीच डिलीट केला होता. डाउनलोड लावला. एकसष्ट जीबी.

७.००. नऊ टक्के. आमच्या टॉवरला इंटरनेट देणाऱ्या माणसाबद्दल इथे लिहीत नाही, वही घरातल्यांच्या हाती लागू शकते.

७.४०. अठरा टक्के. निधी उठली. पडदा पाहिला. दुसरा कंट्रोलर चार्जिंगला लावला आणि आंघोळीला गेली.

८.५०. बत्तीस. ती तयार होऊन शेजारी बसली. दोघे टक्क्यांकडे बघत बसलो. ती म्हणाली, विनीताई आता पडत नाही, तिसऱ्या शिखरापर्यंत आणलं तिला. मी म्हणालो, छान. खरेच म्हणालो.

९.३०. त्रेचाळीस. रिक्षा आली. निधीने वाकून नमस्कार केला. म्हणाली, असू द्या पप्पा, वीस डिसेंबरला येते, तेव्हा पहिल्या दिवशी दोरी. नक्की ना? नक्की, म्हणालो. एकदाच.

१.२५. शंभर टक्के. उघडला. आमचे सेव्ह आले. बारावे शिखर, पायथ्याचा तंबू, बर्फ. माझा माणूस उभा. दोरीचे दुसरे टोक बर्फात पडलेले. पडद्यावर सूचना: दुसरा खेळाडू जोडा. तोवर दोरीच्या लांबीइतके फिरता येते. साधारण आमच्या हॉलएवढे. फिरलो.

ज्ञानदा जेवायला बोलवायला आली, पडदा बघत मागे उभी राहिली. म्हणाली, आता तरी राहील ना हे? कधीपर्यंत आहे?

बघितले. २६ नोव्हेंबर.