सुमनच्या माहेरचं अंगण

५ फेब्रुवारी
रक्षा सावडली. नदीत सोडली नाही. आष्ट्याच्या आमच्या रानात खड्ड्यात घालून वर आंबा लावला. इकडे आता बरेच जण असंच करतात. मूठभर मागे ठेवली आहे. सुमनने दवाखान्यात एवढंच मागितलं होतं, "थोडी माझ्या माहेरच्या अंगणात." माहेर आता अभयारण्यात. वाडी उठून वर्षं झाली. मेहुणा दत्तू मेढ्याकडे पुनर्वसनाच्या वसाहतीत असतो, त्याला फोन केला. ये म्हणाला. तिथे लावायला एक कलम घेतलं.

८ फेब्रुवारी
एरवी आत फक्त तिकीट काढून, पर्यटकांच्या जीपमधून जाता येतं. तसे गेलो. नाक्यावर गार्डने पिशवीतलं कलम बाहेर काढलं. "बाहेरचं रोप आत चालत न्हाई, काका." दत्तूने जीपमधल्या टोप्या-कॅमेऱ्यांकडे बोट केलं, "आन् ही समदी आतलीच रोपं व्हय?" गार्ड हसला. कलम नाक्यावरच राहिलं. रक्षेचं मी बोललो नाही.
जीपमधून उतरायची परवानगी नाही. वाडीच्या जागेवर गाइड म्हणाला, इथे पूर्वी वस्ती होती, आता गवे चरतात. एका बाईने विचारलं, लोक कुठे गेले? दत्तू तिच्या शेजारीच बसला होता. जीप थांबली नाही.

९ फेब्रुवारी
दत्तूची बायको म्हणाली, "दाजी, दोन घास तरी खावा." गेले नाहीत. चैत्रात देवीच्या जत्रेला वाडीच्या लोकांना एक दिवस चालत आत सोडतात. तोवर वाट पाहायची. घरी जाऊन तरी काय करणार. तरी दुपारच्या एसटीने निघालो.

११ एप्रिल
जत्रा. चढ झेपत नव्हता, पण गेलो. घरं नाहीत. कारवी डोक्याच्या वर. दत्तूने एक जोतं दाखवलं, हेच घर. त्याचे चुलते बापू, ऐंशीच्या पुढचे, काठी आपटून म्हणाले, "आरं, त्यो गोठा रं. ताईला गोठ्यात ठिवतूस व्हय? घर वरल्या अंगाला." वर गेलो. तिथे नुसते दगड. मग त्यांनाही खात्री वाटेना. दोघांची बराच वेळ जुंपली. मी रक्षा हातात धरून उभा. ऊन उतरलं, गार्डने शिट्ट्या मारायला सुरुवात केली. दत्तू हळू म्हणाला, "दाजी, टाका हितंच कुठंबी. समदं आपलंच व्हतं."
नाही टाकता आली. तिने सगळं मागितलं नव्हतं. एक अंगण मागितलं होतं.

१२ एप्रिल
आष्टा. रक्षा घरात ठेवू नये म्हणतात. परत मागच्या पडवीत टांगली. येता-जाता दिसते.

१४ एप्रिल
पुण्याहून मुलाचा फोन. "आण्णा, किती दिवस ठेवणार? रविवारी येतो, कृष्णेला जाऊ." बरं म्हणालो.
संध्याकाळी दत्तूचा फोन. बापूंना आता आठवलं म्हणे, घर ओढ्याच्या बाजूला होतं, पुढच्या जत्रेला नक्की दाखवतील. मागून बापूंचा खोकला ऐकू येत होता. त्यालाही बरं म्हणालो.
पुढच्या चैत्रात बापू असतील का. मी तरी. आणि त्यांना आत्ता आठवलं तेही खरं कशावरून.
मुलाला अजून काही सांगितलेलं नाही.